कसेल त्याची जमीन. पण कागदावर कोणाची?

१ एप्रिल १९५७ हा दिवस जुन्या मुंबई राज्याच्या महसुली दप्तरात ‘कृषक दिन’ म्हणून नोंदला गेला आहे. १९४८ च्या कूळकायद्यात पुढे जी दुरुस्ती झाली, तिच्या अन्वये त्या दिवशी जमीन कसणारे कूळ हे त्या जमिनीचे मानीव खरेदीदार ठरले. विदर्भ व मराठवाडा यांच्यासाठी स्वतंत्र कायदे होते. गोव्यात तोच हक्क कुळांना १९७६ च्या दुरुस्तीने मिळाला. शेतकऱ्याच्या इतिहासात हा दिवस लहान नव्हे. तथापि तो साजरा झाल्याचे आम्ही कधी पाहिले नाही, आणि यात आम्हांस फारसे नवलही वाटत नाही. जे कार्य अर्ध्यावर राहिले, त्याचा उत्सव कोणी करावा?

हे कार्य एका दिवसात उभे राहिलेले नव्हते. अलिबाग तालुक्यातील चरीच्या शेतकऱ्यांनी नारायण नागू पाटील यांच्या नेतृत्वाखाली १९३३ पासून १९३९ पर्यंत, म्हणजे तब्बल सहा वर्षे, खोतांची शेते कसण्याचे नाकारले. घरात अन्न नसताना शेत ओसाड ठेवणे म्हणजे काय, हे ज्याने शेत पाहिले आहे त्यासच कळेल. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९३७ साली मुंबईच्या विधिमंडळात खोती नष्ट करण्याचे विधेयक मांडले. खोती प्रत्यक्षात गेली ती १९४९ च्या कायद्याने. आज जमीनसुधारणा हा शब्द जणू कालबाह्य झाला आहे, अशा थाटात बोलणाऱ्यांनी एवढा इतिहास तरी ध्यानात ठेवावा.

जमिनीच्या वाटपाने दारिद्र्य हटते काय आणि देशाची संपत्ती वाढते काय, हे दोन प्रश्न नेहमी एकत्र विचारले जातात. वास्तविक ते वेगळे आहेत. टिमोथी बेस्ली व रॉबिन बर्जेस या दोघा अर्थशास्त्रज्ञांनी भारतातील १६ राज्यांच्या १९५८ ते १९९२ या काळातील अनुभवाचा अभ्यास करून तो २००० साली प्रसिद्ध केला. ज्या राज्यांनी मध्यस्थांचे उच्चाटन केले आणि कुळांना संरक्षण दिले, तेथे ग्रामीण दारिद्र्य कमी झाले; इतकेच नव्हे, तर ज्यांस जमीन मिळाली नाही त्या मजुरांची मजुरीही वाढली, असा त्यांचा निष्कर्ष आहे. कमाल जमीनधारणेच्या कायद्यांचा मात्र दारिद्र्यावर काही परिणाम त्यांस आढळला नाही. शेतीच्या उत्पादनवाढीचे चित्रही तितकेसे उजळ नव्हते. जमीनसुधारणेच्या पुरस्कर्त्यांनी यातील पहिला भाग सांगावा आणि दुसरा लपवावा, हे आम्हांस मान्य नाही. दोन्ही भाग खरे मानूनच विचार केला पाहिजे.

कमाल जमीनधारणेचे कायदे का फसले, हे कोणत्याही गावच्या पारावर बसणारा सांगेल. कायदा येणार ही वार्ता कायद्याच्या आधी पोहोचली. मुले, भाचे, सालगडी यांच्या नावे जमिनी झाल्या. कागदावर कुटुंबे विभक्त झाली आणि चूल मात्र एकच राहिली. कूळकायद्याचीही कथा काही निराळी नाही. गोखले संस्थेच्या वि. म. दांडेकर व खुदानपूर यांनी १९४८ च्या कायद्याच्या अंमलबजावणीची पाहणी करून १९५७ साली जो अहवाल दिला, त्यात कुळांनी ‘स्वखुशीने’ दिलेल्या राजीनाम्यांचे प्रकरण आहे. स्वखुशी कसली? ज्याचे कर्ज सावकाराकडे, ज्याची वैरण मालकाकडे आणि ज्याचे घरही मालकाच्याच जागेत, त्याने अंगठा उठविला तर तो खुशीचा म्हणावयाचा काय? कायद्याने हक्क दिला, परंतु तो हक्क घेण्याचे बळ दिले नाही.

याउलट जेथे हे बळ दिले गेले, तेथील फळ पाहण्यासारखे आहे. जपानात १९४६ च्या कायद्यानंतर काही वर्षांतच कुळांकडील जमीन निम्म्याच्या जवळपास होती ती सुमारे दहाव्या हिश्श्यावर आली. तैवानमध्ये १९४९ साली खंड मुख्य पिकाच्या ३७.५ टक्क्यांवर बांधून दिला गेला आणि १९५३ साली कुळांना जमिनीची मालकी मिळाली. तेथील योजनेत एक शहाणपण होते. जमीनदारांस मोबदला दिला तो ७० टक्के रोख्यांच्या आणि ३० टक्के सरकारी कारखान्यांच्या भागांच्या रूपाने. जमिनीत अडकलेले धन अशा रीतीने उद्योगाकडे वळले, आणि कुळाच्या हाती जे उरू लागले त्यातून तो शहरात तयार होणारा माल विकत घेऊ लागला. अर्थात, या दोन्ही देशांत कायदा करणारे स्वतः तेथले जमीनदार नव्हते. जपानात अमेरिकेचा लष्करी अंमल होता, तर तैवानात मुख्य भूमीवरून आलेले सरकार होते. आपल्याकडे कायदा करणारा, तो राबविणारा आणि तो चुकविणारा हे पुष्कळदा एकाच घरातले असत. हा भेद विसरून तैवानचे दाखले देणे व्यर्थ आहे.

परंतु लोकशाहीत हे घडूच शकत नाही, असेही नव्हे. पश्चिम बंगालमध्ये १९७८ साली ‘ऑपरेशन बर्गा’ सुरू झाले. त्यात मालकी बदलली नाही. बटाईने जमीन कसणाऱ्याचे नाव सरकारी दप्तरात नोंदविणे, त्यास काढून टाकता येणार नाही अशी हमी देणे आणि पिकातील त्याचा वाटा कायद्याने ठरविणे, एवढेच करण्यात आले. यासाठी अधिकाऱ्यांनी कुळांस कचेरीत बोलाविले नाही. ते स्वतः गावात गेले आणि चारचौघांच्या देखत नोंदी केल्या. सुमारे १४ लाख बर्गादारांची नावे अशी कागदावर आली. पुढे अभिजित बॅनर्जी, पॉल गर्टलर व मैत्रीश घटक यांनी २००२ साली दाखवून दिले की, त्यानंतर त्या राज्यात शेतीची जी उत्पादकता वाढली, तिच्यातील सुमारे २८ टक्के वाढीचे श्रेय या नोंदणीकडे जाते. ज्याला उद्या हाकलले जाणार नाही अशी खात्री आहे, तो आज बांध घालतो, खत घालतो. यात गूढ असे काहीच नाही.

मग महाराष्ट्राने आज काय करावे? १९७०-७१ साली राज्यातील खातेदाराची सरासरी जमीन ४.२८ हेक्टर होती. २०१५-१६ च्या कृषिगणनेत ती १.३४ हेक्टरवर आली. आता वाटावयास मोठी जमीन उरलेली नाही, हा आक्षेप बऱ्याच अंशी खरा आहे. परंतु प्रश्न संपला नाही. त्याचे रूप पालटले आहे. मालकाची मुले शहरात नोकरीस आहेत, शेत गावातला दुसराच कोणी खंडाने अथवा बटाईने करतो, आणि हा सगळा व्यवहार तोंडी असतो. कारण लिहून दिले तर ‘कूळ लागेल’ ही मालकाची धास्ती. जो कायदा कुळाच्या रक्षणासाठी आला, त्याच कायद्याच्या भयाने आज कुळाचे नाव कागदावर येत नाही! केंद्राने २०१९ साली सुरू केलेला किसान सन्मान निधी ज्याच्या नावे जमीन आहे त्यासच मिळतो. पीककर्जाला सातबारा लागतो. गारपीट झाली तर पीक जाते एकाचे आणि मदतीच्या यादीत नाव येते दुसऱ्याचे.

संपादकाच्या खुर्चीत येण्यापूर्वी आम्ही काही वर्षे शाळेत शिकवीत होतो. एका मुलाच्या अर्जावर वडिलांचा व्यवसाय ‘शेती’ असा लिहिलेला होता आणि सोबत जोडावयाचा उतारा नव्हता. शेत आम्ही करतो, तर उतारा दुसऱ्याच्या नावे कसा, असे त्याने सरळपणे विचारले. आम्ही त्यास नियम समजावून सांगितला. उत्तर मात्र देता आले नाही, आणि ते आजही देता येत नाही.

नीती आयोगाने २०१६ साली शेतजमीन भाडेपट्ट्याचा आदर्श कायदा पुढे ठेवला, आणि मध्य प्रदेशाने त्याच वर्षी त्या धर्तीवर कायदा केला. आंध्र प्रदेशाने तर २०११ सालीच परवानाधारक कसणाऱ्यांची नोंद करण्याचा मार्ग पत्करला होता. मालकाच्या मालकीस धक्का नाही, कसणाऱ्यास ठरलेल्या मुदतीची हमी, आणि त्या नोंदीवर कर्ज, विमा व नुकसानभरपाई, हे त्यातील सूत्र आहे. महाराष्ट्रात २०२१ पासून शेतकरी भ्रमणध्वनीवरून स्वतः पीकपाहणी नोंदवू लागला आहे. पीक नोंदविण्याइतकी सोय जर झाली, तर ते पीक कोणी काढले हे नोंदविणे अशक्य खासच नाही. मात्र ही नोंद गावात, ग्रामसभेसमोर व्हावी. तालुक्याच्या खेपा घालून नव्हे.

यात स्त्रियांचा विसर पडता कामा नये. २००५ च्या दुरुस्तीने वडिलार्जित मालमत्तेत हिंदू मुलीला मुलाइतकाच हक्क दिला. तरीही २०१५-१६ च्या कृषिगणनेत देशातील खातेदारांमध्ये स्त्रिया जेमतेम १४ टक्के होत्या. निंदणी, खुरपणी, कापणी कोण करते, हे आम्ही वाचकांस सांगावयास नको.

जमिनीची नोंद म्हणजे सर्व काही, असे आमचे म्हणणे नाही. पाणी, भाव आणि शेतीबाहेरचे रोजगार यांवाचून दीड हेक्टरवर कोणतेही कुटुंब वर येणार नाही. परंतु ज्याचे नावच दप्तरात नाही, त्याच्यापर्यंत पाणी, कर्ज वा भाव यांपैकी काहीही पोहोचविण्याचा रस्ता सरकारपाशी नाही. तो रस्ता आधी बांधावा लागेल. कूळकायद्याने ‘कसेल त्याची जमीन’ असे वचन दिले होते. ते संपूर्ण पाळणे आज कदाचित शक्य नसेल. निदान ‘कसेल त्याची नोंद’ एवढे तरी राज्यकर्त्यांनी करून दाखवावे. येत्या खरिपाची पेरणी होण्यापूर्वी या कामास आरंभ झाला, तर तो आम्ही खऱ्या अर्थाने कृषक दिन मानू.