पैसे आपलेच, मागायची चोरी

चाकण किंवा भोसरीतल्या एखाद्या वर्कशॉपवाल्याला ‘पेमेंट किती दिवसांनी येतं?’ असं विचारलं, तर तो आधी हसतो. खरेदीच्या ऑर्डरवर (पीओ) ४५ दिवस छापलेले असतात. पण माल पोचला की कंपनीच्या स्टोअरमध्ये माल मिळाल्याची पावती (जीआरएन) निघायलाच आठवडा जातो. मग क्वालिटीवाल्यांची सही, मग ‘बिल अकाउंट्सला पाठवलंय’, मग अकाउंट्सचे साहेब रजेवर. मध्येच चार नग रिजेक्ट दाखवून डेबिट नोट येते. असे तीन-साडेतीन महिने सहज जातात. कामगारांचा पगार, वीजबिल आणि सीएनसीचा हप्ता मात्र तारखेलाच जातो.

त्यावर कडी करतो तो जीएसटी. दहा लाखांच्या बिलावर १८ टक्क्यांनी होणारे १ लाख ८० हजार रुपये, दरमहा विवरणपत्र भरणाऱ्या पुरवठादाराला पुढच्या महिन्याच्या २० तारखेपर्यंत भरावेच लागतात. बिलाचा एक रुपयाही हाती आलेला नसला तरी. खरेदीदार त्याच कराचं क्रेडिट घेऊन मोकळा. बिल १८० दिवसांत चुकतं केलं नाही, तरच ते क्रेडिट त्याला व्याजासह परत करावं लागतं. म्हणजे करखात्याच्या लेखी सहा महिन्यांची उधारी चालते.

कायदा नाही म्हणून हे चालतं, असंही नाही. सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योग विकास अधिनियम २००६ सालचा आहे आणि कागदावर तो चांगलाच कडक आहे. लेखी करार नसेल तर १५ दिवसांत आणि असेल तरी जास्तीत जास्त ४५ दिवसांत पैसे द्यायचे. करारात ९० दिवस लिहून घेतले तरी उपयोग नाही. माल मिळाल्यापासून १५ दिवसांत लेखी हरकत घेतली नाही, तर माल स्वीकारला असं धरलं जातं. उशीर झाला तर रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट व्याज, तेही दरमहा चक्रवाढीने. बँक दर ६.७५ टक्के होता तेव्हा हे व्याज वर्षाला २०.२५ टक्के पडत होतं. दहा लाख वर्षभर थकले, तर २ लाख २२ हजारांच्या आसपास. थकबाकीचा वाद याच कायद्याखालच्या सुलभीकरण परिषदेकडे नेता येतो, तिने ९० दिवसांत निकाल द्यावा असं कलम आहे, आणि निकालाला कोर्टात आव्हान द्यायचं तर खरेदीदाराला आधी ७५ टक्के रक्कम भरावी लागते.

एवढं हत्यार हाती असून ते उचलतं कोण? बहुतेक तोच, ज्याचा त्या कंपनीशी धंदा संपलेला आहे. ज्याच्या शेडमधलं निम्मं काम एकाच गिऱ्हाइकाचं, तो सरकारच्या तक्रार पोर्टलवर त्या गिऱ्हाइकाचं नाव टाकणार कसा? दुसऱ्याच दिवशी पुढची ऑर्डर शेजारच्या गाळ्यात जाते. या कायद्याचं खरं दुखणं हेच आहे. व्याजाचा दर वाढवून किंवा नवं पोर्टल काढून ते बरं होणार नाही. तक्रारीचं ओझं लहान माणसाच्या डोक्यावरून काढायला हवं.

तसा एक प्रयत्न झालाही. २०२३च्या वित्त कायद्याने आयकराच्या ४३बी कलमात ‘एच’ हे उपकलम घातलं. सूक्ष्म किंवा लघु उद्योगाचे पैसे मुदतीत दिले नाहीत, तर त्या खर्चाची वजावट प्रत्यक्ष पैसे देईल त्या वर्षीच मिळेल. इथे पुरवठादाराने तोंड उघडायची गरजच नाही. खरेदीदाराचा सीए स्वतःच त्याच्या मागे लागतो. पण यालाही एक पळवाट आहे. मे महिन्यातलं बिल पुढच्या ३१ मार्चला चुकतं केलं, तरी त्याच वर्षी वजावट मिळते. दहा महिन्यांची थकबाकी आयकराला दिसतच नाही. शिवाय व्यापाऱ्यांना हे संरक्षण नाही आणि मध्यम उद्योगांनाही नाही. आणि मुळात ते ‘उद्यम’ या सरकारी नोंदणीवर अवलंबून. त्यामुळे ‘उद्यम नोंदणी रद्द करा, तरच माल घेऊ’ असं सांगणारे खरेदीदारही निघाले. नोंदणी करारानंतर झाली असेल तर संरक्षण मिळतं का, हा प्रश्न वेगळाच. सर्वोच्च न्यायालयाने २०२१मध्ये नाही म्हटलं. जानेवारी २०२५मध्ये दुसऱ्या खंडपीठाने त्याबद्दल शंका घेऊन विषय मोठ्या पीठाकडे पाठवला.

खरं तर थकबाकीदार शोधायला सरकारला कुठे जायचीही गरज नाही. सूक्ष्म आणि लघु पुरवठादारांचे पैसे ४५ दिवसांपलीकडे थकवणाऱ्या प्रत्येक कंपनीला २०१९पासून वर्षातून दोनदा ‘एमएसएमई-१’ हा फॉर्म कंपनी व्यवहार मंत्रालयाकडे भरावा लागतो. कोणाचे, किती आणि का थकले, ते कंपनी त्यात स्वतःच लिहून देते. दिवाणी दाव्यात असा कबुलीजबाब हाती लागला, तर वकील पेढे वाटेल. इथे तो सरकारी सर्व्हरवर पडून असतो, आणि त्याच पैशांसाठी पुरवठादाराने मात्र चलनं, बिलं, ईमेल गोळा करून नव्याने अर्ज करायचा.

तेव्हा हा फॉर्म भरला गेला की तीच परिषदेकडची तक्रार समजावी. पुरवठादाराचं नाव तिथे कंपनीनेच दिलेलं असतं, त्यामुळे कोणी कोणाविरुद्ध गेलं असा प्रश्नच राहत नाही. तिप्पट व्याज त्याच तारखेपासून आपोआप आकारलं जावं, आणि ते माफ करायचा अधिकार पुरवठादारालाही नसावा. नाहीतर ‘व्याज सोडल्याचं लेटर आणा’ ही पुढची मागणी ठरलेलीच. भागीदारी आणि मालकी हक्काच्या पेढ्या हा फॉर्म भरत नाहीत. पण त्यांच्यापैकी ज्यांचं करलेखापरीक्षण होतं, त्यांच्या अहवालात अशा थकबाकीवरच्या व्याजाचा वेगळा रकाना आधीपासून आहे. सुरुवात तिथून करता येईल.