हिरवी चटणी बरणीत भरू नका

मागच्या रविवारी यूट्यूबवर एका अमेरिकन बाईंना लसणाच्या दांड्यांचा हिरवा सॉस करताना बघितलं. थंड प्रदेशातल्या लसणाला उन्हाळ्याच्या सुरुवातीला फुलाचा गोल वळलेला दांडा येतो. तो कापून टाकला की खालचा गड्डा चांगला पोसतो, म्हणून शेतकरी तो काढतात. मग त्यात तेल, चीज, सुकामेवा घालून मिक्सरमध्ये फिरवायचं आणि बरण्या भरायच्या.

बघताबघता मला घरची आठवण झाली. आमच्या जळगाव-धुळ्याकडच्या लसणाला सहसा असा दांडा येत नाही. आपल्याकडे असते ती पात. दिवाळीच्या आसपास लावलेला लसूण डिसेंबर-जानेवारीत कोवळा हिरवागार असतो. ती पात मुळासकट उपटायची, तव्यावर परतलेल्या हिरव्या मिरच्या, भाजलेले शेंगदाणे, जिरं, मीठ घालून खलबत्त्यात ओबडधोबड कुटायची. सोबत कळण्याची गरम भाकरी आणि वांग्याचं भरीत. बस्स! (आमच्या भरताच्या वांग्याला 2016 साली जीआय मानांकन मिळालंय. चटणीला कुणी विचारत नाही, असो.)

तर मुद्दा बरणीचा. दर हिवाळ्यात आईचा फोन येतो, "चटणी केलीय रे, डब्यात भरून वर तेल सोडते, रात्रीच्या ट्रॅव्हल्सने पाठवते. तेलात टिकते." मीही इतकी वर्षं "पाठव" म्हणायचो. ती चटणी पुण्यात ओट्यावर आठवडाभर असायची. आता माझं मत बदललंय.

कारण सरळ आहे. लसूण मातीत वाढतो आणि मातीत बॉट्युलिझमच्या जंतूचे बीजाणू असतात. एरवी ते काही करत नाहीत. पण हवा नाही, आंबटपणा नाही, ओलावा आहे आणि खोलीचं तापमान आहे, असं सगळं जुळून आलं की ते वाढून विष तयार करतात. वरून तेल सोडलेला कच्चा लसूण म्हणजे नेमकी तीच परिस्थिती. 1985 साली कॅनडातल्या व्हँकुव्हरमध्ये एका रेस्टॉरंटमधल्या, फ्रीजबाहेर ठेवलेल्या तेलातल्या लसणामुळे 36 जणांना बॉट्युलिझम झाला होता. यात मेख अशी की पदार्थाला वास येईलच, रंग बदलेलच असं नाही. "वास घेऊन बघ" ही आपली टेस्टिंगची पद्धत इथे फेल जाते.

"पण लोणचं नाही का टिकत?" टिकतं, कारण त्यात भरपूर मीठ आणि आंबटपणा असतो. लाल लसूण-खोबऱ्याची चटणी कोरडी असते, म्हणून प्रवासाला ती. आपल्या आज्या येड्या नव्हत्या. शिदोरीत कोरडी चटणी, ताटात हिरवी, ही वाटणी त्यांनी केलेलीच होती. ट्रॅव्हल्स आणि प्लॅस्टिकचे डबे आले आणि आपण ती मोडली.

शिवाय चवीचा हिशोबही आहेच. लसूण ठेचला की त्यातले दोन घटक एकत्र येतात आणि तो झणझणीत वास तयार होतो. हा वास ठेचल्यावरच जन्मतो आणि नंतर बदलत, उतरत जातो. दुसऱ्या दिवशीची चटणी वाईट नसते, पण ती नसते ;-)

आणखी एक. अमेरिकेतला दांडा काढला तर गड्डा वाढतो. आपली पात उपटली तर गड्डा जातो. फेब्रुवारी-मार्चपर्यंत थांबलं असतं तर त्या रोपाला अख्खा लसूण आला असता. 2024 मध्ये लसूण किरकोळ बाजारात चारशे रुपये किलोच्या आसपास गेला होता, आठवतंय ना? तेव्हा पातीची जुडी घेताना भाजीवाल्या मावशींशी दोन रुपयांसाठी घासाघीस करू नका, आणि महागामोलाची पात बरणीत घालून वाया तर मुळीच घालवू नका.

उरलीच तर फ्रीजमध्ये ठेवा आणि दोन-तीन दिवसांत संपवा. जास्त केली असेल तर फ्रीझरमध्ये टाका. ओट्यावर मात्र नाही.

हे आईला फोनवर सांगितलं. ती थोडा वेळ गप्प बसली. डबा पाठवणं म्हणजे तिच्यासाठी नुसती चटणी नव्हती, हे मला तेव्हा कळलं. मग म्हणाली, "म्हणजे आता काहीच पाठवायचं नाही का?"

"लाल चटणी पाठव. हिरवी खायला मी येतो."

जानेवारीतल्या दुसऱ्या शनिवारचं तिकीट काढलंय.