मेणबत्ती नको, ट्यूबलाइट चालेल

पाच सप्टेंबरच्या भाषणांमधे एक वाक्य हमखास असतं. शिक्षक हा मेणबत्तीसारखा असतो, स्वतः जळतो आणि दुसर्‍याला प्रकाश देतो. मग टाळ्या. गेली चोवीस वर्षं मी हे वाक्य ऐकतेय आणि दरवर्षी ते मला थोडं जास्त खटकतं. कारण मेणबत्तीचं पुढे काय होतं ते कुठल्याच भाषणात नसतं. बशीला चिकटलेलं मेण उरतं आणि ते सुरीने खरवडावं लागतं, बस्स. मला दिव्याचीच उपमा द्यायची हौस असेल तर ट्यूबलाइट म्हणा. चटकन लागत नाही, अधूनमधून फडफडते, पण स्टार्टर बदलला की परत चालू. आमचा दहावीचा वर्ग एकमेकांना हीच शिवी देतो, पण माझी हरकत नाही :)

हे सगळं आत्ता आठवायचं कारण म्हणजे माझी भाची. पवित्र पोर्टलवरून निवड होऊन ती जिल्हा परिषदेच्या द्विशिक्षकी शाळेत लागलीये. (शिक्षकभरतीच्या पोर्टललासुद्धा 'पवित्र'च नाव सापडलं, बघा!) परवा फोनवर म्हणाली, "मावशी, तू इतकी वर्षं कशी टिकलीस गं? मला तर वर्षभरातच दमायला झालंय." मी फोनवर काहीतरी गुळमुळीत बोलले, होईल सवय, वगैरे. नंतर वाटलं, प्रश्न खरा आहे, उत्तरही खरं द्यायला हवं. म्हणून हे लांबलचक.

आधी माझं मत सांगून टाकते. शिक्षक मुलांमुळे दमत नाही. चाळीस मुलांचा कलकलाट दिवसभर ऐकून घसा बसतो, पाय दुखतात, पण तो थकवा रात्रीच्या झोपेने जातो. जो थकवा झोपेने जात नाही तो वेगळा असतो, आणि तो येतो कामाला शेवट नसल्यामुळे. बँकेत कॅश जुळली की दिवस संपतो. शिक्षकाचा दिवस संपला हे कोण सांगणार? प्रत्येक वही अजून नीट तपासता येते, प्रत्येक पाठ अजून चांगला घेता येतो, प्रत्येक मुलासाठी अजून काहीतरी करता येतं. वर 'पवित्र पेशा' म्हटलं की थांबायचीही लाज वाटायला लागते.

शिक्षण हक्क कायदा २००९ चा, १ एप्रिल २०१० पासून लागू झाला. त्याच्या परिशिष्टात एक गंमत आहे. पहिली ते पाचवीला वर्षाला किमान २०० दिवस आणि ८०० तास शिकवणं, सहावी ते आठवीला २२० दिवस आणि १००० तास. आणि शिक्षकाने आठवड्याला किमान ४५ तास काम करायचं, तयारीचा वेळ धरून. म्हणजे घरी बसून उद्याचा पाठ तयार करणं हे कायद्याच्या दृष्टीने काम आहे, हे वाचून मला फार बरं वाटलं होतं. पण नीट वाचा. सगळीकडे 'किमान' आहे. कमाल कुठेच लिहिलेली नाही. ती रेघ ज्याची त्याने आखायची, आणि आपण ती आखत नाही.

आता थोडं पुस्तकी. 'बर्नआउट' हा शब्द १९७४ मधे हर्बर्ट फ्रॉइडेनबर्गर नावाच्या न्यूयॉर्कमधल्या मानसशास्त्रज्ञाने अभ्यासाच्या जगात आणला. तो ज्यांच्याबद्दल लिहीत होता ती माणसं कामचुकार नव्हती. मोफत दवाखान्यात तळमळीने राबणारी होती. तळमळ जास्त, तितका धोका जास्त! पुढे २०१९ मधे जागतिक आरोग्य संघटनेने आपल्या आजारांच्या यादीत या अवस्थेची व्याख्या दिली. आजार म्हणून नाही, तर कामाशी निगडित अवस्था म्हणून. तिची तीन लक्षणं: शक्ती संपून जाणं, कामाबद्दल मनात दुरावा किंवा कडवटपणा येणं, आणि आपल्या हातून काही नीट होत नाही असं वाटणं.

माझ्या मते या तिघांतलं दुसरं लक्षण शिक्षकाने सगळ्यात जास्त जपून ओळखावं. दमणूक आपल्याला कळते. कडवटपणा कळत नाही, तो शहाणपणाचा वेष घेऊन येतो. "ही पोरं काही कामाची नाहीत", "यांच्या घरातच अभ्यास नाही, आपण काय करणार", "आमच्या वेळची मुलं वेगळी होती". कोणत्याही स्टाफरूममधे मधल्या सुट्टीत बसा, तासाभराचं ऐकायला मिळेल. मी तर याला थर्मामीटर मानते. माझ्या तोंडून आठवड्यातून दोनदा 'ही पोरं' निघालं की समजायचं, ताप चढतोय, काहीतरी कमी करायला हवं.

आमच्या शाळेत विज्ञानाचे एक सर होते. पुठ्ठा आणि आरशाच्या तुकड्यांतून पेरिस्कोप करून घ्यायचे, अख्खी सातवी भिंतीआडून एकमेकांना बघत फिरायची. विज्ञान प्रदर्शन त्यांच्याकडे, स्कॉलरशिपचे जादा तास त्यांच्याकडे, ऑनलाइन माहिती भरायची म्हणजे तीही त्यांच्याकडेच, कारण 'सरांना कॉम्प्युटर येतो'. ते कधी नाही म्हणाले नाहीत आणि आम्हीही कोणी कधी विचारलं नाही. मग पेरिस्कोप बंद झाले. मग सर पुस्तकातूनच प्रयोग 'वाचून' घ्यायला लागले. नोकरीची वीस वर्षं पूर्ण झाली आणि त्यांनी स्वेच्छानिवृत्ती घेतली. निरोप समारंभात कोणीतरी मेणबत्तीचं वाक्य म्हटलंच. सरांना शाल-श्रीफळ मिळालं, आणि त्यानंतरच्या सातव्यांना पेरिस्कोप मिळाला नाही. शिक्षक जळून गेल्यावर नुकसान कोणाचं होतं ते एवढंच आहे, आणि म्हणून स्वतःला सांभाळणं हा मला स्वार्थ वाटत नाही.

तर मी काय करते ते लिहिते. यात थोर काही नाही, आधीच सांगते.

सगळ्यात आधी वह्या. मी गणित शिकवते, तीन तुकड्या, प्रत्येकी ५८ मुलं, म्हणजे १७४ वह्या. एका वहीला फक्त दोन मिनिटं दिली तरी ३४८ मिनिटं, जवळजवळ सहा तास. आठवड्यातून दोनदा करायचं तर बारा तास निव्वळ बरोबरच्या खुणा! आणि लाल शाईची ती खूण मूल बघतसुद्धा नाही, फक्त पान उलटतं. म्हणून मी रोज अठरा वह्या घेते. दहा दिवसांत सगळ्यांच्या एकदा बघून होतात. पण त्या अठरा खरोखर वाचते. चूक कुठल्या पायरीवर झाली ते बघते आणि एका कागदावर टिपते. कंस सोडवताना वजाचं चिन्ह विसरणारे किती, गुणोत्तराचे पद उलटे लिहिणारे किती. दुसर्‍या दिवशीचा तास त्या कागदावरून सुरू होतो. बाकी रोजचं उत्तर जुळवणं शेजारी शेजारी बसून मुलं करतात. पूर्वीच्या मोठ्या बाईंना हे पटायला एक वर्ष लागलं. मी त्यांना तो चुकांचा कागद दाखवत राहिले, बाकी वाद घातला नाही.

दुसरं म्हणजे आवाज. बी.एड.ला सगळं शिकवतात, घसा कसा वापरायचा ते सोडून. वर्ग गोंगाट करतो तेव्हा त्याच्यावर ओरडणं म्हणजे धबधब्यापुढे शिट्टी वाजवणं. मी फळ्यावर एक गणित लिहिते आणि गप्प उभी राहते. पहिल्या आठवड्यात पाच मिनिटं लागतात, दिवाळीपर्यंत अर्धं मिनिट. कोमट पाण्याची बाटली टेबलावर. आणि सलग चौथा तास असेल तर त्या तासाला मुलंच फळ्यावर येतात, मी मागच्या बाकावर. (मागच्या बाकावरून वर्ग अगदी वेगळा दिसतो, करून बघा.)

तिसरं म्हणजे फोन. पालकांचा ग्रुप, शाळेचा ग्रुप, केंद्राचा ग्रुप, 'तात्काळ माहिती पाठवा'चा ग्रुप. रात्री आठनंतर मी ते उघडत नाही, आणि पहिल्याच पालकसभेत हे स्पष्ट सांगते. आजवर रात्री साडेनऊला विचारलेला 'उद्या रंगपेटी आणायची का?' हा प्रश्न सकाळी सातला शिळा झालेला नाही.

चौथं जरा अवघड आहे. मुलांची घरं. एखादीचे वडील पितात, एखाद्याची आई सोडून गेलीये, एखादीचं दहावीनंतर लग्न ठरवतायत. हे सगळं घरी घेऊन आलं की जेवण जात नाही. मी स्वतःला एक नियम घातलाय. अशा वेळी ज्या गोष्टी माझ्या हातात आहेत त्या लिहून काढायच्या. त्या मुलाशी रोज दोन वाक्यं बोलायची, मोठ्या बाईंना सांगायचं, घरी जाऊन एकदा भेटायचं, लग्नाचं असेल तर १०९८ या चाइल्डलाइनच्या नंबरवर कळवायचं. हे करायचं आणि नक्की करायचं. त्यापलीकडचं माझ्या हातात नाही हे कबूल करायचं. ते कबूल करणं म्हणजे निगरगट्ट होणं नव्हे. निगरगट्ट माणूस यादीतलं पहिलं कामही करत नाही.

आणि शेवटचं, जिथे आपण विद्यार्थी असू अशी एक जागा हवीच. मी चार वर्षांपासून पेटी शिकतेय. अत्यंत वाईट वाजवते. माझे गुरुजी माझ्याहून वीस वर्षांनी लहान आहेत आणि "काकू, सोडून द्या, पुन्हा पहिल्यापासून" असं शांतपणे म्हणतात. बोटं ऐकत नाहीत तेव्हा कसं वाटतं हे मला दर गुरुवारी नव्याने कळतं. मग शुक्रवारी अपूर्णांक न येणार्‍या मुलावर चिडायला होत नाही.

आता तुमच्यातले काही जण म्हणतील, बाई, तुम्हाला बोलायला काय जातंय? अनुदानित शाळा, पूर्ण पगार, शहरातलं घर. अगदी बरोबर आहे. शिक्षणसेवक म्हणून तीन वर्षं मानधनावर काढायची, तेही प्राथमिकला २०२३ पर्यंत सहा हजार होतं, मग सोळा हजार झालं. अंशतः अनुदानित शाळेतले शिक्षक टप्पा वाढावा म्हणून आझाद मैदानात बसतात. तासिकेवर शिकवणार्‍याला मे महिन्यात पैसेच नाहीत. त्यांना 'आठनंतर फोन बंद करा, पेटी शिका' सांगणं म्हणजे उपाशी माणसाला सावकाश चावून खा म्हणण्यासारखं आहे.

माझ्या भाचीच्या शाळेत दोन शिक्षक आणि चार इयत्ता. तिथे क्लार्क नाही, शिपाई नाही. पोषण आहाराच्या तांदळाचा हिशोबही तीच ठेवते. तिचा जोडीदार शिक्षक बी.एल.ओ.च्या कामाला गेला की चारही वर्ग तिचेच. शिक्षण हक्क कायद्याचं कलम २७ म्हणतं की जनगणना, आपत्ती निवारण आणि निवडणुका सोडून शिक्षकाला शिक्षणाव्यतिरिक्त काम द्यायचं नाही. पण निवडणुकीच्या त्या एका शब्दात मतदारयादीची घरोघर फिरणीही बसते. जानेवारी २०२४ मधे मराठा आणि खुल्या प्रवर्गाच्या सर्वेक्षणालाही शिक्षक दारोदार फिरलेच होते.

म्हणून माझं म्हणणं दोन भागांत आहे. स्वतःची रेघ स्वतः आखा, हा पहिला भाग. पण रिकामी पदं भरणं, कारकुनी कामाला कारकून देणं, नवीन शिक्षकाला जगता येईल एवढा पगार देणं हे योगासनांच्या शिबिराने होत नाही, हा दुसरा. शिक्षकांसाठी 'ताणतणाव व्यवस्थापन' प्रशिक्षण असतं तेव्हा मला हसूच येतं. त्याचाही अहवाल फोटोसकट अपलोड करायचा असतो!

भाचीला मी एवढंच सांगेन. बाळा, चार इयत्तांचं सगळं तुला जमणार नाही, आणि ते तुझं अपयश नाही. रोज एका इयत्तेचा एक तास मनापासून घे, बाकीच्यांना काम लावून दे. कागद भरायची वेळ ठरवून घे आणि ती संपली की रजिस्टर मिटव. केंद्रातल्या एखाद्या शिक्षिकेशी मैत्री कर, जिच्याजवळ रडता येईल आणि जी नंतर हसवेलही. आणि ज्या दिवशी 'ही पोरं' म्हणशील त्या दिवशी मला फोन कर. आठच्या आत :)

आणि समस्त काका, आत्या, मामे-मावसभाऊ मंडळी, तुम्हीही हे वाचताय हे मला माहितीये. पुढच्या लग्नात भेटलो की "तुमचं काय बाई, मजा आहे, मे महिन्याची सुट्टी!" एवढं मात्र म्हणू नका. त्या सुट्टीतच आमचा स्टार्टर बदलायचा असतो.

चला, अठरा वह्या वाट बघतायत.