धावणे नंतर, संगणक आधी

कामतघरच्या वऱ्हाळ तलावाभोवती पहाटे पोरे धावतात. फजरची नमाज आटोपून मी फिरायला निघतो तेव्हा त्यांच्यात माझा भाचाही असतो. वय एकोणीस, वडील यंत्रमागावर, आई घरी कपड्यांना टिकल्या लावते. त्याला सैन्यात जायचे आहे. १.६ किलोमीटरचे अंतर तो हसत हसत कापतो. गेल्या वर्षी त्याने अग्निवीरसाठी अर्ज भरला आणि पहिल्याच पायरीवर गळाला. घरी येऊन म्हणाला, "मामू, मला धावूच दिलं नाही."

खरेच होते त्याचे. २०२२ साली आपल्याच जिल्ह्यात, मुंब्र्यात, अग्निवीर भरतीचा मेळावा झाला. तेव्हा मुले आधी मैदानात उतरत आणि लेखी परीक्षा नंतर होत असे. फेब्रुवारी २०२३ मध्ये लष्कराने हा क्रमच बदलला. आता आधी संगणकावर सामायिक परीक्षा द्यायची, तिच्यात जो निवडला जाईल तोच मैदानावर. माझ्या भाच्याने त्या दिवसापर्यंत माऊस हातात धरला नव्हता. मोबाईल त्याच्या बोटांना चिकटलेला असतो, पण पडद्यावरचे प्रश्न, बाजूला पळणारे घड्याळ आणि मागेपुढे जाण्याची बटणे पाहून तो गोंधळला. उत्तरे येत असूनही अर्धे प्रश्न राहून गेले.

ही एका पोराची गोष्ट म्हणून सोडून देता आली असती. पण मला वाटते, भरतीचा हा बदललेला क्रम म्हणजे सैन्य कुठे चालले आहे याची पाटी आहे. ती पाटी भिवंडीच्या मोहल्ल्यांनी वाचली पाहिजे.

मे २०२५ आठवा. ऑपरेशन सिंदूरच्या त्या चार दिवसांत ८ आणि ९ मेच्या रात्री पाकिस्तानने ३६ ठिकाणी तीनशे ते चारशे ड्रोन पाठवल्याचे सरकारने पत्रकार परिषदेत सांगितले. त्यांना तोंड देण्यात जिचे नाव पुढे आले ती 'आकाशतीर' ही मुळात तोफ नव्हेच. भारत इलेक्ट्रॉनिक्सने बांधलेली ती एक संगणकीय यंत्रणा आहे. वेगवेगळ्या रडारांना जे दिसते ते ती एका पडद्यावर आणते आणि कोणत्या तोफेने काय पाडायचे हे ठरवायला मदत करते. पूर्वी ज्या कामासाठी फोनवर फोन व्हायचे ते आता काही क्षणांत होते.

त्या दिवसांत देशाला रोज माहिती देणाऱ्यांमध्ये कर्नल सोफिया कुरेशी होत्या. आपल्याकडे त्यांचा फोटो पुष्कळ फिरला, स्टेटसला लागला. त्या कोणत्या शाखेतल्या आहेत हे मात्र फार थोड्यांनी पाहिले. त्या सिग्नल्स कोरच्या अधिकारी आहेत, म्हणजे लष्कराची संदेश आणि माहिती सांभाळणाऱ्या शाखेच्या. मार्च २०१६ मध्ये पुण्यात अठरा देशांचा संयुक्त लष्करी सराव झाला, तेव्हा भारतीय तुकडीचे नेतृत्व त्यांनी केले होते. १९६५ च्या युद्धात हवालदार अब्दुल हमीद यांनी जीपवरच्या तोफेने पॅटन रणगाडे फोडले, ती कहाणी आपण लहानपणापासून ऐकत आलो. ती ऐकावीच. पण आजच्या मुलाला तिच्याबरोबर ही दुसरी कहाणीही सांगितली पाहिजे, कारण पुढच्या लढाईत रणगाड्यासमोर उभा राहणारा आणि पडद्यासमोर बसलेला असे दोघेही लागणार आहेत.

आपल्या खंडात सगळीकडे हेच चालले आहे. सिंगापूर हा आपल्या मुंबईपेक्षाही कमी वस्तीचा देश. त्याने ऑक्टोबर २०२२ मध्ये भूदल, नौदल आणि वायुदलाच्या जोडीला डिजिटल व गुप्तवार्ता असे चौथे दल उभे केले. चीनने एप्रिल २०२४ मध्ये आपल्या सैन्याची फेररचना करून माहितीसाठी वेगळे दल स्थापन केले. २०२० मध्ये अझरबैजान आणि आर्मेनिया यांच्यात ४४ दिवसांचे युद्ध झाले, त्यात तुर्की आणि इस्रायली बनावटीच्या ड्रोननी खंदकात बसलेल्या सैन्याचे काय होते ते जगाला दाखवले. भारतातही तिन्ही दलांची मिळून डिफेन्स सायबर एजन्सी काम करते.

आणि हे सगळे दिल्ली-बेंगळुरूलाच घडते असेही नाही. स्वतःच लक्ष्यावर जाऊन आदळणारे 'नागास्त्र' ड्रोन नागपुरात बनते. जून २०२४ मध्ये त्याच्या १२० नगांची पहिली खेप लष्कराला मिळाली. आयआयटी मुंबईच्या मुलांनी सुरू केलेली आयडियाफोर्ज ही कंपनी नवी मुंबईत, महापेला आहे. २०२१ मध्ये लष्कराने तिच्याकडून टेहळणीची ड्रोन घेण्याचा करार केला. कामतघरहून महापे किती लांब? ट्रॅफिक नसेल तर तासाभराचा रस्ता. आपली मुले त्या बाजूला रोज जातात, पण गोदामाचा माल घेऊन.

इथे मोहल्ल्यातले वडीलधारे मला अडवतात. म्हणतात, "भाई, आपल्या पोरांना कोण घेतंय?" या प्रश्नामागे अनुभव आहेत, मी ते नाकारत नाही. १९७० आणि १९८४ च्या दंगली पाहिलेल्या शहराला कुणी भोळेपणा शिकवू नये. पण माझे उत्तर असे आहे: दार बंद आहे की उघडे, हे ठोठावल्याशिवाय कसे कळणार? संगणकावरची परीक्षा उत्तरे तपासते, तिथे आडनाव वाचणारा कुणी बसलेला नसतो. शिवाय ती मराठी आणि उर्दूसह तेरा भाषांत देता येते. उर्दू माध्यमात शिकलेल्या भिवंडीच्या मुलाला याहून मोठी सोय कोणती हवी? ही गोष्ट मी आमच्या गल्लीत दहा जणांना विचारली, एकालाही ठाऊक नव्हती. मग दोष कुणाकडे जातो?

माझी आपा वेगळी हरकत घेते. "चार वर्षांनी परत पाठवतील, मग काय?" हा प्रश्न खरा आहे. अग्निवीरांपैकी चारातला एकच पुढे कायम होतो आणि मला स्वतःलाही ही योजना पूर्ण पटलेली नाही. पण चार वर्षांत जो मुलगा दळणवळणाची यंत्रे, नेटवर्क किंवा ड्रोनची दुरुस्ती शिकेल तो रिकाम्या हाताने परतणार नाही. फक्त बंदूक धरून आला तर कुठल्यातरी गोदामाच्या गेटवर पहारेकरी होईल. कोणत्या कामासाठी अर्ज करायचा हे म्हणूनच महत्त्वाचे. तांत्रिक पदासाठी बारावीला विज्ञान किंवा आयटीआय-डिप्लोमासारखे शिक्षण लागते, आणि ती तयारी दहावीनंतर लगेच सुरू करावी लागते. आदल्या महिन्यात तलावाभोवती धावून ती होत नाही.

भिवंडीच्या पोराला यंत्राची भीती नाही, हे आपले भांडवल आहे. जॅकार्डच्या मागावर भोके पाडलेल्या पुठ्ठ्यांवरून नक्षी विणली जाते. फ्रान्समध्ये दोनशे वर्षांपूर्वी निघालेल्या त्याच पुठ्ठ्यांवरून बॅबेजला गणनयंत्र चालवण्याची कल्पना सुचली. म्हणजे संगणकाचा एक पूर्वज मागच आहे. धागा तुटला की आवाजावरून ओळखणारी आपली माणसे पडद्यापुढे का बिचकतात? त्यांना तिथे कुणी बसवलेच नाही म्हणून.

आता दुसरी बाजू. सैन्य माहितीवर चालू लागले की लढाई सैन्यापुरती राहत नाही, ती आपल्या खिशातल्या फोनपर्यंत येते. मे २०२५ मधल्या त्याच रात्री माझ्या भाच्याने सोसायटीच्या ग्रुपवर एक व्हिडिओ टाकला. विमान पडताना दिसत होते. कुणीतरी लगेच विचारले, "तू कोणत्या बाजूचा?" पोराचा चेहरा उतरला. त्याला तो व्हिडिओ दुसऱ्या ग्रुपवर मिळाला होता. सकाळी कळले की ते दृश्य व्हिडिओ गेममधले होते. त्या दिवसांत अशी गेमची दृश्ये युद्धाची म्हणून सर्रास फिरली. मोठमोठ्या वाहिन्यांनीही कराची बंदर उद्ध्वस्त झाल्याच्या बातम्या चालवल्या, त्याही खोट्या निघाल्या. वाहिन्यांना कुणी बाजू विचारली नाही. आमच्या पोराला विचारली.

हा अन्याय आहे, आणि तो मी भाच्यापासून लपवला नाही. पण त्याला हेही सांगितले की ऐकीव बातमीची आधी खातरजमा करण्याचा हुकूम सूरह हुजुरातमध्ये चौदाशे वर्षांपूर्वीच आला आहे. फॉरवर्डचे बटण दाबताना आपण तो विसरतो. लष्कराने जुलै २०२० मध्ये आपल्या जवानांना फेसबुक, इन्स्टाग्रामसह ८९ ॲप फोनमधून काढायला लावली, ती उगाच नव्हे. मे २०२३ मध्ये पुण्यातल्या संरक्षण संशोधन प्रयोगशाळेच्या एका ज्येष्ठ शास्त्रज्ञाला महाराष्ट्र एटीएसने अटक केली. फोनवरून ओळख झालेल्या बाईला गोपनीय माहिती दिल्याचा आरोप होता. खरे-खोटे न्यायालय ठरवेल. मला एवढेच दिसते की परका हेर नाव-गाव, जात-धर्म पाहून येत नाही. तो माणसाचा एकटेपणा आणि फोन पाहून येतो. देशनिष्ठा आडनावावरून मोजणाऱ्यांनी हे ध्यानात घ्यावे.

गोदामांच्या या शहराने आणखी एक धडा घ्यायला हवा. १७ सप्टेंबर २०२४ रोजी लेबनॉनमध्ये हजारो पेजर एकाच वेळी फुटले. स्फोटके मालातच भरलेली होती. मरणाऱ्यांत मुलेही होती. वस्तू कुठे बनली, कुणाच्या हातून आली, हा आता व्यापाऱ्याचाच नव्हे तर युद्धाचाही प्रश्न झाला आहे. आपल्या संरक्षण मंत्रालयाने २०२५ च्या सुरुवातीला चिनी सुट्या भागांमुळे ४०० ड्रोनचे करार रद्द केले ते यामुळेच.

आणि शेवटची भीती. गाझामध्ये कुणाला लक्ष्य करायचे याची यादी संगणक तयार करतो आणि माणूस काही सेकंदांत तिला होकार देतो, असे २०२४ मध्ये इस्रायली पत्रकारांनीच लिहिले. इस्रायली लष्कराने ते नाकारले. पण असे यंत्र उद्या आशियातल्या कुठल्याही सैन्याकडे असू शकते. यंत्राला आई नसते, शेजार नसतो, आखिरतची चिंता नसते. म्हणून त्या पडद्यासमोर असा माणूस बसलेला हवा ज्याला 'थांबा, इथे घर आहे' असे म्हणता येईल. सर्व समाजांची, सर्व वस्त्यांची मुले सैन्याच्या या नव्या खोल्यांत असावीत असे मला वाटते, त्याचे सर्वांत मोठे कारण हेच. ज्याने कर्फ्यूतली गल्ली आतून पाहिली आहे, त्याला पडद्यावरच्या ठिपक्यात माणूस दिसण्याची शक्यता जास्त.

१६५७ मध्ये कल्याण-भिवंडी शिवाजी महाराजांच्या हाती आली आणि या खाडीवर मराठ्यांच्या आरमाराची सुरुवात झाली. पुढे त्याच आरमारात दौलतखान सरदार होता. त्या काळचे नवे तंत्र जहाज होते आणि या किनाऱ्याच्या लोकांना ते येत होते. आज नवे तंत्र संगणक आहे.

आमच्या गल्लीत दोघा-तिघांनी मिळून तीन जुने संगणक घेतले आहेत. एका बंद पडलेल्या कारखान्याच्या माळ्यावर ते मांडले आहेत. मगरिबनंतर सात मुले तिथे सरावाच्या परीक्षा देतात, त्यात दोन मुली आहेत. वीज गेली की सगळेच बंद. पण मशिदीच्या ट्रस्टींनी, यंत्रमाग मालकांनी, निवृत्त शिक्षकांनी मनावर घेतले तर प्रत्येक मोहल्ल्यात असा एक माळा निघू शकतो. त्याला फार पैसा लागत नाही.

भाचा आता पहाटे धावतो आणि रात्री माळ्यावर बसतो. परवा वेळ संपायच्या आत त्याचे सगळे प्रश्न सोडवून झाले. आपा अजून राजी नाही, पण त्याला रात्री उशीर झाला तर ती माळ्यावर चहा पाठवते.