लाट देखणी आहे म्हणून

“डाक्टर, कालपास्नं बाळ हलंनाच झालंय.” पंधराएक वर्षांपूर्वी एका छोट्या रुग्णालयाच्या लेबर रूममध्ये रात्री अकराच्या सुमाराला एका बाईंच्या सासूबाईंनी मला हे सांगितलं. बाईंना छत्तिसावा आठवडा होता. बीपी ठीक, पोट मऊ, अंगावरून काही जात नव्हतं, कळाही नव्हत्या. सिस्टरनी सीटीजी, म्हणजे बाळाच्या ठोक्यांचा आलेख काढणारं यंत्र, लावलं आणि वीस मिनिटांनी पट्टी माझ्या हातात दिली. बेसलाइन १४०. तिच्या वर-खाली लहरत जाणारी गुळगुळीत, एकसारखी रेघ. मी केसपेपरवर ‘व्हेरिएबिलिटी चांगली’ असं लिहिलं, बाईंना डाव्या कुशीवर निजायला सांगितलं आणि पलीकडच्या खाटेकडे वळलो.

तिथे एक वयस्कर सिस्टर होत्या. त्यांनी पट्टी टेबलावर पसरली, पेनच्या टोकाने एकेक लाट मोजली आणि म्हणाल्या, “सर, मिनिटाला चारच येतायत. एकही मोठी नाही, एकही लहान नाही. बाळाची रेघ अशी नसते.” तासाभरात सिझर झालं. मूल कागदासारखं पांढरंफटक होतं आणि रडलं नाही. त्याला लगेच रक्त चढवावं लागलं, पुढचे दोन आठवडे ते पेटीत होतं. ते वाचलं. दुसऱ्या दिवशी आईच्या रक्ताची काच मायक्रोस्कोपखाली पाहिली, तेव्हा फिकट पेशींच्या गर्दीत गडद गुलाबी पेशी जागोजागी विखुरलेल्या दिसत होत्या. त्या बाळाच्या होत्या. वारेतून त्याचं रक्त आईच्या रक्तात जात होतं आणि बाहेर एक थेंबही दिसत नव्हता.

माझी चूक कुठे झाली हे समजायला मला बरेच दिवस लागले. मी पट्टी पाहिली होती, बेफिकिरीने टाकून दिली नव्हती. पण पाहिली ती फूटपट्टीने. पोटातल्या बाळाच्या ठोक्यांची व्हेरिएबिलिटी मिनिटाला ५ ते २५ असली की ती नॉर्मल, हे आपण सगळे पाठ करतो. माझ्या हातातली एकसारखी झुलणारी रेघ सायनुसॉइडल होती, आणि अशा लाटेची उंची व्याख्येप्रमाणे ५ ते १५ ठोके असते. म्हणजे फक्त उंची मोजली तर ही लाट त्या चौकटीत अलगद बसते आणि सर्वांत धोक्याची पट्टी सर्वांत चांगली म्हणून पास होते. कार्यशाळेत तरुण डॉक्टरांपुढे अशी पट्टी नुसती ठेवली, इतिहास काही सांगितला नाही, की पहिलं उत्तर बहुतेक वेळा ‘रिअ‍ॅक्टिव्ह’ असंच येतं. त्यांना मी दोष देत नाही. डोळ्याला ती रेघ खरोखरच देखणी दिसते.

मग व्हेरिएबिलिटी म्हणजे नेमकं काय? ती चढउताराची उंची नव्हे, चढउताराचा अनियमितपणा. निरोगी बाळाच्या हृदयाला एकीकडून व्हेगस मज्जातंतू आवर घालत असतो, दुसरीकडून सिंपथेटिक यंत्रणा रेटत असते. या दोघांचा सूत्रधार मेंदूत आहे, आणि तो हालचाल, झोप, रक्तदाब, प्राणवायू या सगळ्यांच्या खबरी घेत क्षणोक्षणी हुकूम बदलतो. म्हणून पुढचा ठोका नेमका कधी पडेल हे सांगता येत नाही, आणि रेघ खरखरीत दिसते. एडवर्ड हॉन आणि एस. टी. ली यांनी १९६३ मध्ये दाखवून दिलं की बाळ संकटात सापडतं तेव्हा ठोक्यांची गती बदलण्याच्या आधीच दोन ठोक्यांमधल्या अंतराचं वळण बदलतं. सायनुसॉइडल पट्टीत ही खरखर पूर्ण नाहीशी झालेली असते. मागचा एक मिनिट पाहिला की पुढचा मिनिट आपण कागदावर काढून दाखवू शकतो. ज्या रेघेचं भविष्य इतकं सोपं आहे, त्या रेघेतून बाळ आपल्याला काहीच सांगत नसतं.

इथे जरा आपलं क्षेत्र सोडून आकाशाकडे पाहतो, कारण निसर्गातली लाट कशी असते हे पाहण्याची कोल्हापुरात सोय आहे. शिवाजी विद्यापीठाच्या आवारात भारतीय भूचुंबकत्व संस्थेने रडार बसवलं. ते सुमारे दोन मेगाहर्ट्झच्या रेडिओलहरी वर सोडतं. ऐंशी ते शंभर किलोमीटर उंचीवरून परत येणारे क्षीण प्रतिध्वनी जमिनीवरचे तीन अँटेना टिपतात, आणि एका अँटेनावरचा नमुना दुसऱ्यावर किती वेळाने सरकला यावरून तिथल्या वाऱ्याची दिशा आणि वेग काढतात. १९९९ पासूनच्या या नोंदींत चोवीस तासांची आणि बारा तासांची लाट दिसते. तिला वातावरणाची भरती-ओहोटी म्हणतात. तिचा चालक सूर्य. खालच्या हवेतली वाफ आणि त्याहून वर असलेला ओझोन दिवसा तापतात, रात्री निवतात, आणि तो हेलकावा वर चढत जातो. जमिनीवरच्या बॅरोमीटरलाही तो कळतो. कर्नल साइक्स यांनी दख्खनच्या पठारावर घेतलेल्या या नोंदी लंडनच्या रॉयल सोसायटीच्या नियतकालिकात १८३५ मध्येच छापून आल्या आहेत.

आता पाहा. सूर्याइतका वक्तशीर चालक दुसरा नाही. तरी आपल्या डोक्यावरच्या त्या लाटेची उंची आज एक तर उद्या दुसरी, एका ऋतूत एक तर दुसऱ्या ऋतूत वेगळी असते. तिच्यावर दोन दिवसांच्या लाटा बसतात आणि डोंगर-ढगांवरून उठलेल्या छोट्या लाटा तिला खरवडत राहतात. अभ्यासक चोवीस आणि बारा तासांच्या साइन लाटा गणिताने वेगळ्या काढतात, आणि उरलेलं फेकून न देता त्याचा स्वतंत्र अभ्यास करतात. निसर्गातली खरी लाट अशी असते. तिला चालक असतो आणि अंगावर ओरखडेही असतात. चालक सापडत नाही आणि ओरखडा एकही नाही अशी लाट पट्टीवर आली, तर जीव दचकलाच पाहिजे.

नुसत्या आकाराला घाबरायचं कारण नाही, हेही तितकंच खरं. मिनिटाला सहा श्वास अशा संथ लयीत प्राणायाम करणाऱ्या निरोगी माणसाचा ईसीजी घेऊन त्याच्या ठोक्यांचा आलेख काढा. श्वास आत घेताना वर आणि सोडताना खाली अशी दहा सेकंदांची जवळजवळ साइन लाट मिळेल. श्वासाबरोबर नाडी बदलते हे जर्मनीत कार्ल लुडविग यांनी १८४७ मध्ये यंत्रावर टिपलं. लोणावळ्यात स्वामी कुवलयानंदांनी १९२४ मध्ये कैवल्यधाम काढलं आणि योगाला प्रयोगशाळेत आणलं. त्या परंपरेत वाढलेल्या आपल्या वाचकांना हा आलेख नवा नाही. तिथे लाट तब्येतीची खूण आहे, कारण ती कोण काढतंय हे माहीत आहे. श्वासाची लय मोडा, लाट मोडते. पोटातल्या बाळाच्या सायनुसॉइडल लाटेला असा कुणी धनी सापडत नाही. मिनिटाला तीन ते पाच वेळा ती येते, आणि आईला कूस बदलायला लावा, बाळाला हलवून जागं करायचा प्रयत्न करा, ती तशीच येत राहते. मेंढीच्या गर्भावरच्या प्रयोगांत व्हेगसचा आवर औषधाने काढून व्हॅसोप्रेसिन दिल्यावर अशी लाट उमटली होती. म्हणजे सूत्रधार गप्प झाला की उरलेली यंत्रणा अशी झुलत राहते, असा अंदाज करता येतो.

सायनुसॉइडलसारखी भासणारी एक फसवी पट्टीही असते. आईला पेथिडीन किंवा ब्युटॉर्फेनॉल दिल्यानंतर, किंवा बाळ अंगठा चोखत असताना, अशा लाटा येतात. त्या थोड्या करवतीच्या दात्यांसारख्या असतात, सहसा अर्ध्या तासाच्या आत ओसरतात, आणि त्यांच्या आधी-नंतर नॉर्मल पट्टी असते. ‘फिगो’ या स्त्रीरोग-प्रसूतितज्ज्ञांच्या आंतरराष्ट्रीय महासंघाच्या २०१५ च्या मार्गदर्शनात सायनुसॉइडल म्हणायला लाट ३० मिनिटांहून जास्त टिकावी लागते. पण ही अट नाव देण्यासाठी आहे, हात बांधून बसण्यासाठी नाही. तेवढ्या वेळात आईचा रक्तगट पाहता येतो, आयसीटीचा (प्रतिपिंडांच्या तपासणीचा) रिपोर्ट शोधता येतो, सोनोग्राफीवाल्यांना फोन करता येतो, रक्तपेढीला कळवता येतं.

यंत्रावरही डोळे मिटून विसंबू नका. पोटावरून लावलेला डॉप्लर प्रत्येक ठोका वेगळा मोजत नाही, तो शेजारच्या ठोक्यांची सांगड घालून सरासरी काढतो, त्यामुळे रेघ थोडी इस्त्री होऊनच येते. संगणकाने पट्टी वाचणाऱ्या डॉज-रेडमन पद्धतीत सायनुसॉइडल लाट नाही ना, ही वेगळी अट घालावी लागली आहे, कारण नुसता चढउताराचा आकडा तिथेही चकवतो.

कागदाचा वेग तर फारच थोड्या ठिकाणी पट्टीवर लिहिलेला सापडतो. मिनिटाला एक सेंटिमीटर असेल तर एका सेंटिमीटरमध्ये तीन ते पाच लाटा दाटीने येतात आणि पटकन ओळखू येतात. तीन सेंटिमीटर असेल तर प्रत्येक लाट सहा ते दहा मिलिमीटर रुंद पसरते आणि सौम्य, निरोगी वळणासारखी दिसते. बाळ तेच, लाट तीच, पण निदान बदलतं. एका मशीनवर शिकलेला रेसिडेंट दुसऱ्या रुग्णालयात गेला की इथेच फसतो. आणि तो थर्मल कागद उन्हात, प्लॅस्टिकच्या पिशवीत काही महिन्यांत पांढरा पडतो. पट्टीची झेरॉक्स काढून केसपेपरला लावा, मोबाइलवर फोटो घ्या.

लाट ओळखली, पुढे काय? सर्वांत आधी बाळाला अ‍ॅनिमिया आहे असं धरून चला. वारेतून आईकडे रक्त जाणं, आरएच निगेटिव्ह आईच्या प्रतिपिंडांनी बाळाच्या पेशी फुटणं, जुळ्यांत एकाचं रक्त दुसऱ्याला जाणं, वासा प्रीव्हिया फुटणं ही त्याची ठळक कारणं. तीव्र प्राणवायूची कमतरता आणि संसर्ग यांतही ही लाट दिसू शकते. बाळाच्या मेंदूतल्या मधल्या रोहिणीचा डॉप्लर घ्या. तिथल्या रक्ताचा कमाल वेग त्या आठवड्याच्या मध्यकाच्या दीडपट किंवा जास्त असेल तर शंका जवळजवळ पक्की होते. आईच्या रक्ताची क्लायहाउअर तपासणी १९५७ पासून उपलब्ध आहे. आम्लाने धुतलेल्या काचेवर आईच्या पेशी भुतासारख्या फिकट होतात आणि बाळाच्या रंग धरून राहतात. तिला महाग यंत्र लागत नाही, शिकलेला हात लागतो. पण तिच्या निकालासाठी बाळाला पोटात थांबवून ठेवू नका. आईचा नमुना घ्या आणि कामाला लागा.

आरएच निगेटिव्ह बायका आपल्याकडे शंभरात साधारण पाच. अठ्ठाविसाव्या आठवड्यात आणि बाळंतपणानंतर ७२ तासांच्या आत अँटी-डी द्यायची हे सगळ्यांना माहीत आहे. गर्भपातानंतर मात्र ती अजूनही विसरली जाते, आणि पुढच्या बाळंतपणात त्याची किंमत बाळ मोजतं. ३०० मायक्रोग्रॅमचा एक डोस बाळाच्या साधारण ३० मिलिलिटर रक्ताला पुरतो. सायनुसॉइडल पट्टी आलेल्या आरएच निगेटिव्ह आईचं बाळ पॉझिटिव्ह निघालं, तर एवढ्यावर भागेलच असं नाही. क्लायहाउअरचा आकडा पाहून डोस वाढवावा लागतो.

हे सगळं वेळेत व्हायचं तर अंतर आडवं येतं. चंदगड कोल्हापूरपासून शंभर किलोमीटरहून लांब आहे. गगनबावड्याचा घाट पावसाळ्यात कसा असतो ते तिथल्या डॉक्टरांना सांगायला नको. तिथल्या सिस्टरला पट्टी ओळखता आली तर कोल्हापूरच्या सीपीआर रुग्णालयाला फोन वेळेवर जातो, रक्त तयार राहतं आणि बाई वाटेत असतानाच टेबल मोकळं केलं जातं. म्हणून पट्टी वाचायचं शिक्षण फक्त डॉक्टरांपुरतं ठेवू नका. लेबर रूममध्ये रात्रभर पट्टीसमोर बसून असतात त्या सिस्टर, आणि बाळाची हालचाल कमी झाली हे सर्वांत आधी कळतं ते आईला. “बाळ हलंना” ही तक्रार घेऊन आलेल्या बाईला पट्टी चांगली दिसली म्हणून घरी पाठवण्याआधी लाटा मोजा.

पुढच्या अंकापासून आम्ही दर महिन्याला एक पट्टी छापणार आहोत. आपल्याकडच्या सायनुसॉइडल किंवा तशा भासलेल्या पट्ट्या पाठवा. आईचं नाव, रुग्णालयाचं नाव झाका. किमान ३० मिनिटांची सलग रेघ, कागदाचा वेग, गर्भाचा आठवडा, आईचा रक्तगट, दिलेली औषधं आणि जन्मानंतरचं बाळाचं हिमोग्लोबिन एवढं सोबत लिहा. निदान चुकलेल्या पट्ट्या आधी पाठवा. पहिली माझी असेल.