चपटकृमी, परिभाषा आणि आपण

गेल्या पावसाळ्यात आमच्या मंडळाच्या एका बैठकीत असा विषय निघाला की, या त्रैमासिकात विज्ञानावरील लेख छापावेत की छापू नयेत. चर्चा अर्धा तास चालली आणि निर्णय होण्याआधीच चहा आला. त्या अर्ध्या तासात दोन मते ऐकू आली. एक मत असे की, विज्ञानाची भाषा इंग्रजीच. महाराष्ट्राबाहेर राहून आपण कथा-कविता, कीर्तन आणि गणेशोत्सव एवढे मराठीत टिकवले तरी पुष्कळ झाले. दुसरे मत असे की, विज्ञान मराठीत जरूर यावे, पण ते निर्भेळ संस्कृतोद्भव शब्दांत यावे. परका शब्द आला की भाषा बाटली. ही दोन्ही मते चुकीची आहेत आणि दोहोंचे फळ एकच आहे, असे आमचे स्पष्ट मत आहे. ते सिद्ध करण्यासाठी आम्ही मुद्दामच एक क्षुद्र प्राणी साक्षीस घेत आहोत.

स्वच्छ, वाहत्या ओढ्यातला दगड उलटा केला तर त्याच्या ओल्या पाठीवर कधी कधी बोटाच्या पेराहूनही लहान, तपकिरी, सपाट अशी एक पट्टी सरकताना दिसते. तिच्या डोक्याकडे दोन ठिपक्यांसारखे डोळे असतात आणि ते तिरळे वाटतात. उजेड पडताच ती सावलीकडे पळते. तोंड डोक्याला नसून पोटाच्या बाजूस, शरीराच्या मध्याजवळ असते. अन्न जाण्याचे आणि उरलेसुरले बाहेर टाकण्याचे द्वार एकच. फुप्फुस नाही, कल्ले नाहीत, रक्ताभिसरण नाही. शरीर इतके सपाट की प्राणवायू कातडीतूनच सर्वत्र पोहोचतो. हिचे नाव प्लॅनेरिया. हिचे दोन तुकडे केले तर दोन प्राणी होतात. अमेरिकन शास्त्रज्ञ थॉमस हंट मॉर्गन यांनी १८९८ च्या सुमारास असे प्रयोग करून, मूळ शरीराच्या सुमारे दोनशे एकोणऐंशीव्या हिश्श्याएवढ्या तुकड्यातूनही पूर्ण प्राणी वाढू शकतो, असे नोंदवले. आजही शरीराचा गमावलेला भाग पुन्हा कसा घडतो, हे समजून घेण्यासाठी जगभरच्या प्रयोगशाळांत हीच पट्टी पाळली जाते.

आता नावाकडे वळू. पहिल्या मताचे सद्गृहस्थ म्हणतील, ‘प्लॅनेरिया’ हा इंग्रजी शब्द आहे, तेव्हा इंग्रजीतच बोला. हा शब्द इंग्रजी नाहीच. ‘प्लॅनस’ म्हणजे सपाट, हा लॅटिन. ज्या संघात ही मोडते त्याचे नाव प्लॅटिहेल्मिंथिस. ‘प्लॅटिस’ म्हणजे रुंद-चपटा आणि ‘हेल्मिन्स’ म्हणजे कृमी, हे दोन्ही ग्रीक. टर्बेलेरिया हे वर्गनाम लॅटिनमधील खळबळ या अर्थाच्या शब्दावरून आले, कारण अंगावरील सूक्ष्म केसांच्या हालचालीने हे प्राणी भोवतालच्या पाण्यात बारीक भोवरे उठवतात. ड्युगेसिया हे प्रजातीचे नाव तर एका फ्रेंच वैद्याच्या आडनावावरून पडले आहे. प्राण्यांना द्विपदी नावे देण्याची रीत स्वीडनच्या लिनियसने घालून दिली आणि त्याच्या ग्रंथाची १७५८ ची आवृत्ती या नामकरणाचा आरंभ मानली जाते. ही नावे इंग्रजांना जितकी परकी, तितकीच आपल्याला. इंग्रज ती जशीच्या तशी घेतो, जपानी घेतो, रशियन घेतो. आपणही ती देवनागरीत घ्यावीत, यात इंग्रजीपुढे मान तुकवण्याचा प्रश्न येतोच कोठे?

इंग्रजांनी दुसरीही एक गोष्ट केली आहे, आणि आपण तिच्याकडे पाहतच नाही. शास्त्रीय नाव लॅटिन ठेवून घरगुती नाव त्यांनी आपल्या घरातूनच उचलले. चपट्या कृमीला ते सरळ ‘फ्लॅटवर्म’ म्हणतात. आतड्यातल्या फितीसारख्या कृमीला ‘टेपवर्म’. गुराढोरांच्या यकृतातील पानासारख्या कृमीला ते ‘फ्लूक’ म्हणतात, आणि हा शब्द त्यांच्या कोळ्यांचा आहे. चपट्या समुद्री माशाचे ते जुने नाव. शेतकऱ्याला कळणारा शब्द प्राध्यापकाने लाजून टाकून दिला नाही. इंग्रजीची थोरवी गाणाऱ्यांनी तिच्यापासून एवढे तरी शिकावे.

दुसऱ्या मताचे लोक आम्हाला अधिक जवळचे, म्हणून त्यांच्याशी भांडण अधिक. परका शब्द नको असे म्हणणाऱ्यांनी उज्जयिनीत बसून तरी ते म्हणू नये. याच अवंतीच्या वराहमिहिराने सहाव्या शतकात यवनांचे ज्योतिष आत्मसात करताना त्यांचे शब्दही निःसंकोच घेतले. ‘होरा’ ग्रीक आहे, ‘केंद्र’ ग्रीक आहे, ‘पणफर’ आणि ‘आपोक्लिम’ही ग्रीक आहेत. आज ‘केंद्र सरकार’ म्हणताना कोणाचीही जीभ बाटत नाही. मग ‘केंद्र’ चालते आणि ‘प्लॅटिहेल्मिंथिस’ चालत नाही, याला कारण सवयीवाचून दुसरे काय?

आपली आडनावे पाहा. फडणीस, चिटणीस, पोतनीस, बक्षी ही शिंदे-होळकर-पवारांच्या मागोमाग माळव्यात आलेल्या आपल्या घरांची नावे फारसी वळणाची आहेत. शिवछत्रपतींच्या आज्ञेवरून रघुनाथपंडितांनी राज्यव्यवहारकोश रचला, त्यात फारसी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द दिले. तो प्रयत्न थोर होता. तरीही पुढे शतकभर मराठी दप्तरांत दप्तर हे दप्तरच राहिले आणि रोजनामा हा रोजनामाच. राजाज्ञेनेही जो शब्द जिभेवर बसला नाही, तो एखाद्या समितीच्या ठरावाने बसेल, ही आशा व्यर्थ आहे.

याचा अर्थ संस्कृत शब्द अवघडच असतात असा नाही. आपल्या आजीला लिहिता-वाचता येत नव्हते, पण ‘अधिक मास’, ‘उत्तरायण’, ‘खग्रास’ हे शब्द ती बिनचूक वापरी, कारण पंचांग घरात होते आणि ग्रहण डोळ्यांना दिसत होते. सावरकरांनी रूढ केलेला ‘महापौर’ आज उज्जैनच्या हिंदी फलकांवर झळकतो, कारण महापौर नावाचा मनुष्य प्रत्यक्ष निवडून येतो. शब्द सोपा होतो तो वापराने, आणि वापर होतो तो वस्तू ओळखीची असेल तेव्हा. आमचा आक्षेप संस्कृतला नाही. वस्तू न दाखवता नुसता शब्द घडवून कोशात ठेवण्याला आहे.

येथे आमचा स्वतःचा एक अपराध सांगणे प्राप्त आहे. शासकीय सेवेत असताना पशुपालकांसाठी छापावयाचे एक हिंदी पत्रक आमच्या मेजावर आले. मसुदा लिहिणाऱ्या कनिष्ठाने गुरांच्या पोटातील कृमींना गावात चालणारे साधे नाव वापरले होते. ते आम्हाला शासनाच्या इभ्रतीस शोभेसे वाटले नाही. आम्ही ते खोडून एक भारदस्त सामासिक शब्द घातला व सही केली. पुढे दौऱ्यावर एका पशुपालकाने ते पत्रक पुढे करून विचारले की, हे औषध कोठे मिळते? कृमीचे नाव त्याने औषधाचे नाव समजले होते. दोष त्याचा नव्हता. त्या दिवसापासून परिभाषेच्या प्रश्नाकडे आम्ही निव्वळ साहित्यिक वाद म्हणून पाहू शकलेलो नाही.

चपटकृमींच्याच कुळातला एक दाखला महाराष्ट्रातला आहे. रत्नागिरी जिल्ह्यातील गुहागर तालुक्यात गिमवी नावाचे गाव आहे. तेथे लघवीतून रक्त जाण्याच्या एका विकाराचे मूळ शिस्टोसोमा हा चपटकृमी असल्याचे गाडगीळ आणि शाह या संशोधकांनी १९५२ साली प्रसिद्ध केले. हा रोग आफ्रिकेतला, भारतात तो रुजलेला नाही, असा समज असतानाची ही गोष्ट. या कृमीची अंडी लघवीवाटे पाण्यात जातात. त्यांतून निघालेली पिले गोड्या पाण्यातील गोगलगायीत शिरतात. तेथे वाढून पुन्हा पाण्यात येतात आणि आंघोळ करणाऱ्याच्या अखंड कातडीतून आत घुसतात. आता हे ‘शिस्टोसोमियासिस’ एवढ्या एका शब्दात सांगून पाहा. किंवा त्याचे एखादे बारा अक्षरी भाषांतर करून सांगा. ऐकणारा मान डोलावील आणि त्याच ओढ्यावर आंघोळीस जाईल. ‘ओढ्यातल्या गोगलगायीतून निघणारा चपटा कृमी कातडीतून शिरतो’ असे सांगितले, तर निदान पोराला पाण्यात सोडताना तो थबकेल.

उलट उदाहरण नारूचे. तो चपटकृमी नव्हे, गोलकृमी. पण मुद्दा तोच. मध्य प्रदेश आणि महाराष्ट्र ही दोन्ही राज्ये त्याने पीडलेली होती. भारतातला शेवटचा रुग्ण १९९६ साली आढळला आणि २००० साली देश नारूमुक्त ठरला. पायऱ्यांच्या विहिरी बंद झाल्या, पाणी गाळून पिण्याची शिकवण घरोघर गेली. ती घरोघर जाऊ शकली, याचे एक कारण असे की, शत्रूचे नाव लोकांना आधीच ठाऊक होते. कोणत्याही समितीने ‘नारू’चा संस्कृत अवतार काढला नाही, हे आपले भाग्य.

आता अशा एका घोटाळ्याकडे येतो, जो दोन भाषांच्या उंबरठ्यावर राहणाऱ्या आपल्यासारख्यांनाच नीट दिसू शकतो. जीवशास्त्राच्या मराठी परिभाषेत ‘प्रजाती’ म्हणजे अनेक जातींचा गट आणि ‘जाती’ म्हणजे त्यातील एक प्रकार. ड्युगेसिया ही प्रजाती, तिच्यात अनेक जाती. हिंदीत मात्र रूढ व्यवहारात ‘प्रजाति’ म्हणजे आपली ‘जाती’. आणि आपल्या ‘प्रजाती’ला तेथे ‘वंश’ म्हणतात. शब्द एक, पायरी वेगळी. आपली नातवंडे शाळेत हिंदी अर्थ शिकतात, घरी मराठी पुस्तक उघडले तर गोंधळतात. इतकेच नव्हे, मराठी वृत्तपत्रेही आता हिंदीच्या प्रभावाने ‘दुर्मिळ प्रजाती’ असे लिहून मोकळी होतात. ‘शिक्षा’ आणि ‘चेष्टा’ या शब्दांवरून होणारे विनोद आपण शंभर वेळा सांगितले असतील. या घोटाळ्यावर एकही टिपण कोणी लिहिले नाही. संस्कृत शब्द घेतले की सर्व भारतीय भाषांची परिभाषा आपोआप एक होईल, असे सांगणाऱ्यांनी याचे उत्तर द्यावे.

मग करावे काय? आमचे म्हणणे तीन कलमांत मावते. लॅटिन द्विपदी नावे व वर्गनामे जशी आहेत तशी देवनागरीत लिहावीत. भारत सरकारने १९६१ साली नेमलेल्या वैज्ञानिक शब्दावली आयोगाचे धोरणही आंतरराष्ट्रीय नावांबाबत असेच आहे, तेव्हा आम्ही काही बंडखोरी करत नाही. दुसरे, घरगुती नाव घरातून घ्यावे. महाराष्ट्राची शालेय पुस्तके ‘चपटे कृमी’ म्हणतात. तेच ‘चपटकृमी’ असे जोडून घ्यावे. उद्या कोणी ‘पृथुकृमी’ किंवा ‘चिपिटकृमी’ पुढे केले, तर नम्रपणे नाकारावे. देशी ‘चपट’ला संस्कृत ‘कृमी’ जोडणे हा संकर आहे, असा आक्षेप येईल. अरबी ‘जिल्ह्या’ला संस्कृत ‘अधिकारी’ जोडून झालेल्या जिल्हाधिकाऱ्यांच्या हाताखाली आम्ही नोकरी केली. त्या संकराने कारभार अडला नाही. तिसरे, जाती, प्रजाती, कुल, गण, वर्ग, संघ या पायऱ्यांची नावे ठरली आहेत, ती काटेकोर वापरावीत. तेथे घरगुतीपणा कामाचा नाही.

एक सावधगिरीही हवी. आमच्या विद्यार्थिदशेत चपटकृमींचे टर्बेलेरिया, ट्रिमॅटोडा आणि सेस्टोडा असे तीन वर्ग शिकवीत. आता कळले आहे की परजीवी गट हे मुक्त राहणाऱ्या टर्बेलेरियांच्याच शाखांतून उपजले. म्हणून टर्बेलेरिया हा स्वतंत्र नैसर्गिक गट उरत नाही. शास्त्र आपली नावे अशी मोडते व पुन्हा मांडते. ज्या भाषेत त्यावर सतत लिहिले जात नाही, तिच्या कोशात मोडलेली नावे तशीच पडून राहतात. तेव्हा कोश झाला म्हणजे काम संपले, या समजुतीतही अर्थ नाही.

२०२२ च्या ऑक्टोबरात भोपाळ येथे वैद्यकीय अभ्यासक्रमाची हिंदी पुस्तके प्रकाशित झाली. त्यांत इंग्रजी संज्ञा पुष्कळशा देवनागरीत तशाच ठेवल्या म्हणून आपल्यापैकी अनेकांनी नाके मुरडली. आम्ही विचारतो, हिंदीने निदान पुस्तके तरी लिहिली. येथल्या मराठीने काय लिहिले? याच नगरातल्या जीवाजी वेधशाळेचे पहिले अधीक्षक गोविंद सदाशिव आपटे हे आपल्यातलेच होते. त्यांच्या पिढीला आकाशाचे गणित परके वाटले नाही. आपल्याला पायाखालच्या ओढ्यातला कृमी परका वाटतो. महाराष्ट्रात मराठी विज्ञान परिषद १९६६ पासून काम करीत आहे, मराठी विश्वकोशाने हजारो नोंदी दिल्या आहेत. ते साहित्य आपल्या वाचनालयात आले तरी त्यातली नावे माळव्याच्या मातीवर आणि पाण्यावर लावून पाहण्याचे काम मुंबई-पुण्याचे लोक करणार नाहीत.

ज्या भाषेत फक्त आठवणी आणि आरत्या उरतात, ती भाषा घरातली ज्येष्ठ मंडळी असेपर्यंत चालते. नातू प्रश्न विचारतो तो दगडाखालच्या किड्याविषयी, पाण्याविषयी, आजाराविषयी. त्याचे उत्तर आपण हिंदीत किंवा इंग्रजीत देतो आणि मग तो मराठी बोलत नाही म्हणून अध्यक्षीय भाषणात खंत करतो. म्हणून आमची सूचना अशी की, पुढील अंकापासून या त्रैमासिकात माळव्यातील एका प्राण्यावर वा वनस्पतीवर दोन पाने राखून ठेवावीत. नाव लॅटिनही द्यावे, घरगुतीही द्यावे, आणि जेथे मराठी नाव नसेल तेथे माळवी नाव बेलाशक घ्यावे. पहिला लेख चपटकृमीवर लिहून देण्यास आम्ही तयार आहोत. बैठकीत या सूचनेवर मत घ्यावे, आणि कृपा करून ते चहा येण्याच्या आधी घ्यावे.