ई-पीक पाहणी: सोयाबीन शेतात आहे, मग सातबाऱ्यावर का नाही?

लातूर आणि नांदेडमध्ये खरीप म्हणजे मुख्यतः सोयाबीन. पण पीक नुसतं शेतात असून भागत नाही, ते सातबाऱ्यावरही दिसावं लागतं. ती नोंद नसेल तर हमीभाव केंद्रावर सोयाबीन विकताना अडचण येते. २०२५-२६ साठी हा हमीभाव क्विंटलला ५,३२८ रुपये आहे. पीकविमा आणि पीककर्जातही हीच नोंद पाहिली जाते.

पूर्वी हे काम तलाठी करायचे. १५ ऑगस्ट २०२१ पासून राज्यभर ‘ई-पीक पाहणी’ अ‍ॅप सुरू झालं आणि नोंदीची जबाबदारी शेतकऱ्यावर आली. शेतात जायचं, गट क्रमांक निवडायचा, पीक आणि क्षेत्र भरायचं, फोटो काढायचा. ऐकायला सोपं वाटतं.

मग अडतं कुठे?

हे अ‍ॅप टेबलावर बसून वापरायचं नाही. भर उन्हात स्क्रीन दिसत नाही, हात चिखलाचे असतात, रेंज येते-जाते. घरात स्मार्टफोन एकच, तोही मुलाकडे. त्यात फोटो गटापासून ५० मीटरच्या आतूनच काढावा लागतो. खोट्या नोंदी रोखण्यासाठी हा नियम आहे. पण फोनने लोकेशन चुकीचं दाखवलं, तर स्वतःच्याच शेतात उभ्या असलेल्या शेतकऱ्याची नोंद अडते.

सुधारलं काय?

२०२२ मध्ये अ‍ॅपचं नवं व्हर्जन आलं. त्यात नोंद चुकली तर ४८ तासांच्या आत एकदा स्वतः दुरुस्त करायची सोय मिळाली. ज्यांची नोंद राहून जाते, त्यांच्यासाठी आता गावपातळीवर सहाय्यकही नेमले जातात. वापरकर्त्याला केंद्रस्थानी ठेवून डिझाइन करणं म्हणजे हेच: चूक होणार हे गृहीत धरायचं आणि ती सुधारायची वाट ठेवायची.

पण एक प्रश्न उरतोच. ऑगस्ट-सप्टेंबर २०२५ मध्ये मराठवाड्यात अतिवृष्टी झाली. शेतकऱ्यांसाठी नोंदणीची मुदत ३० सप्टेंबरपर्यंत वाढवली गेली. मुदत वाढवता येते, पण वाहून गेलेल्या पिकाचा फोटो काढायचा कसा? पीक उभं आहे असंच अ‍ॅप धरून चालतं. नोंदीची खरी गरज मात्र ते आडवं झाल्यावर पडते.

तोवर तुम्ही काय कराल? पेरणीनंतर नोंदणी सुरू होताच पाहणी उरका. ४८ तासांच्या आत नोंद पुन्हा तपासा. आणि सोयाबीन विकायला नेण्याआधी सातबारा काढून बघा.